लग्नपत्रिकेतून आरोपी झालेली धोंडुबाई

मलकापूरच्या धोंडुबाईला स्वतःच्या नावाचा भारी सोस. तिच्या भावाचा, केरबाचा मुलगा यशराज लग्नाला उभा राहिला, तेव्हा पत्रिकेत आपलं नाव नाही म्हणून ही रुसून बसली. "मी सख्खी आत्ती, आन माझंच नाव न्हाय? मग मी हळदीलाबी येत न्हाय!" शेवटी पत्रिका पुन्हा छापल्या आणि 'स्वागतोत्सुक'मध्ये हिचं नाव सगळ्यांत वर आलं. आमच्याकडे पत्रिकेतल्या नावावरून भाऊ भावाशी बोलायचे थांबतात. बाहेरच्यांना हे सांगून कळायचं नाही.

तीनेक वर्षांनी तेच नाव फिर्यादीत आलं. यशराजची बायको रूपाली राधानगरीचं सासर सोडून माहेरी आली आणि हुंड्यासाठी छळ झाल्याची तक्रार तिने दिली. आरोपी कोण? नवरा, सासू, सासरा आणि पुढे नावांची रांगच. त्यातले एक चुलते तर आदल्या वर्षीच वारलेले! धोंडुबाई लग्नानंतर त्या घरी एकदाच गेली होती.

ती शाळेत पोषण आहार शिजवायची. विधवा बाई; तोच तिचा आधार आणि तोच तोरा. गुन्हा नोंदला म्हटल्यावर शाळेच्या समितीने तिला घरी बसवलं. आधी नाव सुटू दे, मग या, म्हणाले.

कोल्हापुरात आली की ती राजारामपुरीत माझ्याकडे उतरायची. एकदा मीही तिच्याबरोबर वकिलाकडे गेले. केरबा आधीच येऊन बसलेला. गुन्हा रद्द करा म्हणून हायकोर्टात द्यायचा सगळ्यांचा मिळून एकच अर्ज तयार होता : घरात कधी काही घडलंच नाही.

"कर सही," केरबा म्हणाला.

"आधी वाचून दावा."

वाचून झालं आणि ही उठून उभीच राहिली. "दिवाळीला मी गेलते तवा पोरीचा हात सुजला हुता. यशराजला ईचारलं, तर म्हनतोय, बापाकडनं गाडी आन म्हटलं तर उलटून बोलती. माझ्या कानानं ऐकलंय. हे खोटं मी लिव्हून देत न्हाय."

"भाचा हाय तुझा!"

"हाय की! म्हनून तर तवाच एक ठेवून दिली."

"मग बस घरात!"

"बसलेच हाय की!"

वकील समजूतदार निघाले. म्हणाले, "मावशी, तुम्ही तुमच्यापुरता वेगळा अर्ज करा. यशराजचं बरंवाईट तुम्ही सांगायची गरज नाही. तुम्ही काय केलं, एवढाच प्रश्न."

हायकोर्ट आता कोल्हापुरातच बसतं, त्यामुळे मुंबईची वारेमाप धावपळ वाचली. एका शुक्रवारी तिचा वेगळा अर्ज सुनावणीला आला. न्यायमूर्तींनी विचारलं, या बाईंनी नेमकं काय केलं, कधी केलं? फिर्यादीत तिच्याविषयी एकच वाक्य : 'सासरच्या सर्व मंडळींनी त्रास दिला.' धोंडुबाईवरचा गुन्हा रद्द झाला. नवरा आणि सासू-सासऱ्यांवरचा खटला मात्र चालणार.

बाहेर आलो तर कुणीतरी लगेच म्हणालंच, बघा, बायका खोट्या केसेस करतात. मला संताप येतो. चार नावं उगाच घातली म्हणून सुजलेला हात खोटा ठरत नाही. आणि हात खरा म्हणून अख्खी भावकी कोर्टात ओढायची, हेही बरोबर नाही. एवढं कळायला वकिली शिकावी लागते का?

रूपाली वडिलांबरोबर, आण्णांबरोबर, जिन्यापाशी उभी होती. धोंडुबाई सरळ तिच्यासमोर गेली.

"का गं, मी तुझं काय केलतं?"

रूपालीची मान खाली. "आत्ती, ठाण्यात सासरची नावं ईचारली. मला रडू आवरंना. आण्णांनी पत्रिकाच पुढं केली. त्यातली सगळी नावं उतरली."

धोंडुबाई असली हसली की जिन्यावरचे वकील वळून बघायला लागले. "आगं, ते नाव छापाय मी रुसून बसलते की!"

रूपालीलाही रडतारडता हसू आलं.

"हे बघ," धोंडुबाई म्हणाली, हळू बोलणं तिला जमत नाहीच, "तुझा खटला उभा ऱ्हायला की मला बोलीव. दिवाळीला बघितलं ते सांगीन."

आण्णा चाचरत म्हणाले, "पावणं, भाऊ तोडंल तुम्हास्नी."

"तोडू दे. येईल परत शुद्धीवर. न्हाय आला तर ऱ्हायलं."

तिथूनच तिने शाळेत फोन लावला. मुख्याध्यापक म्हणाले, निकालाचा कागद घेऊन सोमवारी कामाला या.

मी जेवून जा म्हटलं.

"नगं आक्का. सोमवारी पोरास्नी उसळ असती. मटकीला मोड यायचं तर उद्या सकाळीच भिजाय पायजे," म्हणाली आणि स्टँडकडे जाणारी रिक्षा तिने हात करून थांबवलीसुद्धा.