तेविसावी ओळ

आमच्या तळमजल्यावरच्या काकूंचं म्हणणं असं, की माझी आत्या साप पाळते. तेही शेकड्याने. त्यांच्याशी बोलते, आणि त्यातला एक जहरी साप तिच्या हाताखेरीज कुणाच्या हातून काही खात नाही. हे काकू जिन्यात सांगतात, आवाज खाली आणि भुवया वर, आणि शेवटी "मला काय करायचंय म्हणा" म्हणून पिशवी उचलतात. एकदा मी त्यांच्याच दाराबाहेर हुबेहूब "मला काय करायचंय म्हणा" म्हटलं, तर काकांनी आतून उत्तर दिलं, "मग आत ये आणि चहा टाक."

तर खरं काय ते सांगते. साप आहेत. तीनशे बारा आहेत. पण सगळे मेलेले, काचेच्या बरण्यांत, स्पिरिटमध्ये बुडालेले, आणि मालक संग्रहालय. आत्या त्यांच्याशी बोलते हेही खरं, पण गोडीगुलाबी अजिबात नाही, ती त्यांना झापते. "काय रे, परवाच भरली होती ना बरणी? प्यायलास सगळी?" खाण्याचं मात्र साफ खोटं. मेलेला साप कुणाच्याच हातून काही खात नाही.

तिचं काम ऐकायला सोपं आहे. स्पिरिट उडतं. झाकण कितीही घट्ट लावा, थोडं थोडं उडतंच, आणि पातळी खाली गेली की वर उघडा पडलेला साप जुन्या चपलेच्या पट्ट्यासारखा वाळतो. म्हणून दर तीन महिन्यांनी प्रत्येक बरणी उघडायची, भरायची, झाकणाखालचं रबर चाचपायचं, काच पुसायची. सव्वीस वर्षं ती हे करते आहे. तिथे सगळे तिला बरणीबाई म्हणतात. लागली तेव्हा फरशी पुसायला होती, तीही दीड महिन्यापुरती, कुणी तरी रजेवर गेलं म्हणून. तिसऱ्याच दिवशी धक्का लागून एक बरणी फुटली आणि हातभर लांब साप तिच्या पायावर येऊन पडला. किंचाळावं तर शेजारच्या दालनात शाळेची मुलं. मग भीती घालवायला ती खाली बसली आणि त्याच्या अंगावरचे खवले मोजू लागली. त्या वेळी हा संग्रह सांभाळणारे म्हातारे सर आवाज ऐकून धावत आले, तर ही मान वर न करता त्यांना म्हणाली, "थांबा, मध्ये बोलू नका, चुकेन." सर थांबले. पुढची चौदा वर्षं ते तिला शिकवत राहिले.

खोली मागच्या अंगाला आहे, लांबोडकी, एकाच खिडकीची, आणि तीही ऊन न येणारी, कारण उन्हाने साप फिके पडतात. डावीकडे कुलपाचं कपाट, त्यात विषारी. उजवीकडे भिंतभर फळ्या, आणि तिथे आत्याचे लाडके: रेसर, म्हणजे धावणारे साप, जगभरातून आलेले, आणि त्यांचा गोतावळा. घरी पाहुणे आल्यावर ओळखी करून द्याव्यात तशी ती सांगत जाते. हा काळा, पळतानासुद्धा डोकं वर धरून पळणारा, कोण बघतंय ते बघायला नको का. याच्या शास्त्रीय नावाचा अर्थ 'आवळणारा', आणि बिचाऱ्याने जन्मात कुणाला आवळलं नाही, भक्ष्य नुसतं दाबून धरतो नि गिळतो. नाव ठेवणारा घाईत होता. हा चाबकासारखा वाळवंटातला, दुपार तापली की याची सकाळ होते. हे बेटावरचे, खडकांत सरड्यांच्या पिल्लांमागे लागणारे. ही धामण, यांची चुलत बहीण, अंगाने भरलेली. आणि तो निळा दिसतोय ना, तो निळा नाही, हिरवा होता, स्पिरिटने निळा केला. "इथे रंगावर विश्वास ठेवायचा नाही," असं म्हणून ती पुढची बरणी पुसते.

आता सत्त्याऐंशी नंबर. सगळी गडबड त्याच्यावरून झाली.

सत्त्याऐंशी नंबरच्या बरणीत पेन्सिलीएवढं बारीक एक पिल्लू आहे, अंगावर पांढुरके आडवे पट्टे. बरणी होती विषारी कपाटात, आणि तिच्यावरच्या चिठ्ठीवर लिहिलं होतं: मण्यार. बारा वर्षांपूर्वी ती भरताना आत्या थबकली. मण्यारीच्या पाठीवर मधोमध मोठ्या षटकोनी खवल्यांची रांग असते, फरशा बसवल्यासारखी. याची पाठ साधी. अंगाभोवती खवल्यांच्या ओळी मोजल्या, तर मण्यारीला असायला हव्यात पंधरा, याला तेवीस. हे धूळनागिणीचं पिल्लू होतं, म्हणजे धावणाऱ्यांतलंच. या लहानपणी पट्टेरी असतात. मोठेपणी पट्टे पुसले जातात आणि अंग एकरंगी तपकिरी होतं. आत्या सांगायला गेली, तर म्हातारे सर आदल्याच आठवड्यात निवृत्त होऊन गेलेले. बाकी कुणी बरणीबाईचं कशाला ऐकेल, असं तिने स्वतःच ठरवून टाकलं. पेन्सिलने एक चिठ्ठी लिहिली, कारण शाई स्पिरिटमध्ये पसरते आणि पेन्सिल टिकते, ती बरणीच्या आत सोडली, आणि बरणी उचलून धूळनागिणींच्या फळीवर नेऊन ठेवली. लेकरू दुसऱ्याच्या घरात कोंडलेलं तिला दर तिमाहीला बघवेना. नोंदवहीत मात्र एक अक्षर लिहिलं नाही. चूक ती तिथे.

यंदा नवे साहेब आले. माणूस वाईट नाही. त्यांचं वाक्य 'मुळात'पासून सुरू होतं आणि 'बरोबर?'ला संपतं, मधलं बरोबर असेलच असं नाही. त्यांनी आल्याआल्या मोजणी काढली आणि कुलपाच्या कपाटात एक मण्यार कमी भरली. आत्याने लगेच समोरच्या फळीकडे बोट दाखवलं, सगळं सांगितलं. साहेबांनी बाहेरची चिठ्ठी वाचली, मग आत्याकडे बघितलं. मुळात ती चिठ्ठी एका मोठ्या तज्ज्ञाने लिहिली होती, आणि मुळात आत्या बरण्या भरायला होती. शेवटी त्यांनी एक कागद पुढे केला: मण्यारीची बरणी मी अनवधानाने हलवली, ती जागेवर परत ठेवत आहे. सही केली तर प्रकरण मिटलं. नाही केली, तर आठ दिवसांनी नोकरी संपली.

आत्या आमच्याकडेच राहते, बाबांची मोठी बहीण. बाबा महत्त्वाचं बोलण्याआधी तीनदा घसा खाकरतात, त्या दिवशी पाचदा खाकरले. ताई, तीन वर्षं राहिली निवृत्तीला, एक सही ती काय, आणि साप मेलेला, त्याला कुठे कळणार आहे आपण मण्यार की कोण, असं त्यांचं चाललं होतं.

आत्या म्हणाली, "हलवली, हे लिहून देते. अनवधानाने नाही, मुद्दाम. आणि मण्यार नाही. तू लहानपणी बाजारात हरवलास, तेव्हा त्या भांडीवाल्याने 'हा आमचाच' म्हणून ठेवून घेतलं असतं, तर चाललं असतं?"

"मी साप नव्हतो, ताई."

"ते कुणी मोजलं नव्हतं."

बाबांनी घसा खाकरायचंही सोडून दिलं.

नशीब असं, की त्याच आठवड्यात दूरच्या विद्यापीठातून एक पाहुण्या बाई संग्रहालयात यायच्या होत्या, खास रेसर मोजायला. आत्याने साहेबांना विनवलं, की सत्त्याऐंशी नंबर त्यांच्यापुढे ठेवू द्या. त्या मण्यार म्हणाल्या तर तिथल्या तिथे सही करते. साहेब म्हणाले, मुळात हरकत नाही.

पैज लागली ती त्या संध्याकाळी, भांडी पुसताना. मी आत्याला म्हटलं, की तुझं मला पटत नाही. पिल्लू पेन्सिलीएवढं, मोठा साप अंगठ्याहून जाड. अंग वाढतं तसे खवलेही वाढत असणार, मोठ्या सापाला किमान दहा ओळी जास्त निघतील. आत्याने ताट ठेवलं आणि मला आपादमस्तक न्याहाळलं.

"तू जन्मलीस तेव्हा बोटं किती होती?"

"दहा."

"आता किती आहेत? खवले जन्माला येताना जेवढे, मरताना तेवढेच. नुसते आकाराने वाढतात."

पण बोटं वेगळी, खवले वेगळे, आणि मला हार मानायची सवय नाही. मी म्हटलं, लाव पैज. ती म्हणाली, हरलीस तर महिनाभर माझी नक्कल बंद, जिन्यात नाही, शाळेत नाही, आरशासमोरही नाही. मी जिंकले, तर ती काकूंच्या दारात उभी राहून सापाशी बोलून दाखवणार. तेवढ्यासाठी मी काहीही लावायला तयार होते. अंथरुणावर पडल्यावर मग डोक्यात उजेड पडला: मी जिंकले, तर आत्याचं गणितच खोटं. म्हणजे नोकरी गेली.

पाहुण्या बाई आल्या त्या दिवशी शाळेला सुट्टी होती. बाबांनी मला बरोबर पाठवलं, तोंड न उघडण्याच्या अटीवर. बाई उंच, पायात मळके बूट, आणि बोलणं जवळजवळ नाहीच, फक्त 'हं'. पण तीन तऱ्हांचे. वर जाणारा हं म्हणजे बघूया. सपाट हं म्हणजे माहीत होतं. आणि खाली जाणारा हं कधी येतो ते मला अजून कळायचं होतं.

आत्याने पांढरा ट्रे ठेवला, पिल्लू चिमट्याने उचलून ओल्या फडक्यावर निजवलं. बाईंनी भिंग डोळ्याला लावलं, पाठीवरून बोथट सुई फिरवली. "हं," वर जाणारा. मग अंगाच्या बरोबर मध्यावर सुई टेकवून त्या पोटाच्या कडेपासून तिरक्या रेषेत मोजू लागल्या. साहेब कागद हातात धरून उभे. आत्याचे दोन्ही हात एप्रनच्या खिशात. मी श्वास धरून मनात म्हणत होते, तेवीस, तेवीस, तेवीस. पैज हरावी म्हणून देवाला हात जोडायची माझी पहिलीच वेळ.

"बावीस," बाई म्हणाल्या.

साहेबांनी विचारलं, मण्यारीला किती? पंधरा. आणि धूळनागिणीला? एकवीस किंवा तेवीस. मग मुळात हे कशातच बसत नाही, बरोबर? त्यांनी कागद हळूच टेबलावर ठेवला आणि त्यावर पेन.

आत्याने पेनाकडे बघितलंही नाही. खिशातून हात काढले आणि सापांना झापते त्याच्या निम्म्या आवाजात म्हणाली, "बाई, बावीस येणार नाहीत."

भिंग वर झालं.

"एक ओळ मणक्यावरची, आणि दोन्हीकडे सारख्या. सम आकडा आला की समजायचं, एक निसटली. सुरुवातीची बघा. पोटाला लागून असते ती ओळ जरा मोठी असते, पोटातलीच वाटते."

मोठ्या तज्ज्ञ बाईंना मोजायला शिकवणं म्हणजे, मला वाटलं, आता सहीचीही गरज उरली नाही. बाई आत्याकडे बघत राहिल्या, मग दिवा जवळ ओढून पुन्हा वाकल्या. सुई पोटाच्या कडेला टेकली, थांबली, एक खवला मागे सरकली. या वेळी त्या मोठ्याने मोजत होत्या, आणि त्यांच्याबरोबर आत्याचे ओठ, आणि शपथेवर सांगते, साहेबांचेही.

"एकवीस. बावीस. तेवीस."

आणि मग आला तो तिसरा हं, खाली जाणारा, लांबलचक, दमून घरी आल्यावर खुर्चीत बसावं तसा.

कुणी न सांगताच त्यांनी फळीवरची मोठी धूळनागीण मागितली. तिलाही मोजलं. तेवीस. मग बाईंना चेव चढला, त्यांनी दोघांच्या पोटावरच्या रुंद खवल्यांच्या पट्ट्याही मोजल्या. मोठीच्या दोनशे आठ, पिल्लाच्या दोनशे अकरा. बाळाच्या तीन जास्त. सापासापांत एवढं उन्नीसबीस असायचंच, बाई म्हणाल्या, पण मला कळलं, ते माझ्या नाकावर टिच्चून होतं.

बरणीतली आतली चिठ्ठी त्यांनीच बाहेर काढली आणि वाचली. बारा वर्षं स्पिरिटमध्ये राहूनही अक्षर स्वच्छ: 'मण्यार नव्हे. धूळनागिणीचं पिल्लू. ओळी २३. जाणकाराने पुन्हा मोजावे.' खाली नाव नव्हतं. हे कुणी लिहिलं, बाईंनी विचारलं. आत्याने सांगितलं. बाई म्हणाल्या, "मग नोंदवहीत ओळख पटवणाऱ्याच्या रकान्यात तुमचंच नाव येईल. मी फक्त पुन्हा मोजलंय."

मग साहेबांनी तो कागद फाडला, आणि दुसरा लिहून आणला: यापुढे कोणतीही बरणी नोंद केल्याशिवाय हलवणार नाही. माणूस वाईट नाही, म्हटलं ना. आत्याने तो दोनदा वाचला. "हे खरं आहे," ती म्हणाली, आणि झटकन सही ठोकली.

येताना बसमध्ये ती खिडकीशी बसली होती, तोंडावर हसू मावत नव्हतं, आणि मी तिचं ते 'बाई, बावीस येणार नाहीत' जिभेवर धरून होते. आवाज निम्मा, शेवटच्या शब्दावर हलकासा जोर. मला ते पक्कं बसलं होतं. तोंड उघडलं.

"महिना," आत्या खिडकीतूनच म्हणाली.

पुढे जिन्यात काकूंनी अडवलं, काय गं, आत्याची नोकरी गेली म्हणे, साप चावला म्हणे. असा प्रसंग पुन्हा येत नसतो. मी ओठ गच्च मिटून वर आले, आणि रागारागाने हे लिहून काढलं. लिहिण्याचं पैजेत नव्हतं. आत्याने सगळं वाचलं, पेन्सिल घेतली, सुरुवातीला मी 'तीनशे' लिहिलं होतं ते खोडून 'तीनशे बारा' केलं, आणि कागद परत दिले. मोठ्याने वाचून दाखवायचं नाही, एवढंच बजावलं.

आज अकरावा दिवस.