चोवीस थांब्यांची सहल

आमच्या ह्यांना कुणी किती वाजले विचारलं, तर ते आधी दोन घड्याळं पडताळून बघतात आणि मग वेळ सांगतात. तोवर विचारणारा निघून गेलेला असतो. पस्तीस वर्षं रस्त्यांच्या खात्यात पेंटर होते. वळणाच्या पाट्या, बाण, पुलांचे कठडे आणि कडेचे किलोमीटरचे दगड, एवढं त्यांचं राज्य. निवृत्त झाले तरी हात स्वस्थ बसत नाहीत. आमच्या स्वयंपाकघरातल्या डब्यांवर 'साखर', 'मीठ', 'चहा' इतक्या सुबक अक्षरांत लिहिलंय की पाहुण्यांना वाटतं डबे तसेच विकत मिळाले. मिठाच्या डब्यात मी एकदा साखर भरली, तर माणूस दोन दिवस माझ्याशी तुटक बोलत होता.

मी शाळेचे गणवेश शिवते. पुढच्या खोलीत दोन मशिनी, मधे कापायचं लांब टेबल आणि भिंतीवर दोऱ्याच्या व्यापाऱ्याने दिलेलं कॅलेंडर. त्या कॅलेंडरवर तळ्याकाठच्या गावाचं चित्र आहे. पाण्यात उतरलेली जुनी तटबंदी, मोठा दरवाजा, आत फरसबंद गल्ल्या आणि मागे डोंगर. वर्ष संपलं तरी मी ते कॅलेंडर काढलेलं नाही. हे गाव आमच्यापासून फक्त एकाहत्तर किलोमीटरवर आहे आणि तिथे सगळी दुनिया जाऊन आली, मी सोडून. आमची लेक तीनदा जाऊन आली. गणवेशाचं माप द्यायला येणाऱ्या बायका मला तिथल्या गमती सांगतात आणि मी तोंडात टाचण्या धरून "हं, हं" करते.

लग्न झालं तेव्हापासून मी ह्यांच्या मागे लागले होते. पण विषय काढला की ह्यांचं उत्तर तयार. रस्ता खराब आहे. ऊन फार आहे. गाडीचा आवाज बरा येत नाही. एकदा तर म्हणाले, "तिथं काय ठेवलंय? एक दरवाजा आणि पाणी. आपल्या घरात दोन्ही आहे." पालथ्या घड्यावर किती पाणी ओतायचं? मीही शेवटी नाद सोडला.

आणि निवृत्तीनंतर दुसऱ्याच महिन्यात, मी एक कॉलर उलटवत बसले असताना, हे दारात उभे राहून म्हणाले, "अगं, तळ्याकाठी जाऊ या का? आपल्या मोटरसायकलवरून. दोन दिवस."

कॉलर तशीच हातात राहिली. मला इतका आनंद झाला की कारण विचारायचं सुचलंच नाही. नाहीतर मी बिनकारणाची गोष्ट सोडणारी बाई नव्हे.

मग बेत सुरू झाले. नमनाला घडाभर तेल म्हणतात, इथे तर तेलाचा घाणाच चालू झाला. ह्यांनी माझ्याकडचा नमुने कापायचा खाकी कागद टेबलभर पसरला आणि सगळा रस्ता त्यावर काढला. नदी निळी, शेतं पिवळी, दगडी पूल करडा. जाताना पुलाचा रस्ता, एक रात्र तळ्याकाठी मुक्काम, आणि परतताना घड्याळाच्या मनोऱ्याचं जुनं बाजारगाव. गाडी माझ्या लग्नाहून दोन वर्षांनी लहान. तिची चेन धुतली, प्लग साफ केला, क्लचची जास्तीची वायर घेतली. मागे दोन्ही बाजूंना अडकवायला पिशव्या हव्या होत्या, त्या मी उरलेल्या पँटच्या कापडाच्या शिवल्या. मी टेप घेऊन गाडीचं माप घेत होते तेव्हा हे म्हणाले, "जरा सैल ठेव, वाढतं अंग आहे." तेहतीस वर्षांत ह्यांनी केलेला तो चौथा विनोद असेल.

पण उजवीकडची पिशवी भरली तेव्हा ती भलतीच जड लागली आणि आतून डबे आपटल्यासारखा आवाज आला. "काय आहे हो ह्यात?" मी विचारलं.

"हत्यारं," असं म्हणून ह्यांनी पिशवीचं बटण लावलं.

दुसऱ्या दिवशी हे दाढी करत होते आणि कागद टेबलावर तसाच होता. मी सहज वेळापत्रक वाचायला घेतलं. सत्तेचाळीस किलोमीटरपर्यंत एकच थांबा होता, दगडी पुलावर चहाचा. आणि त्यापुढच्या चोवीस किलोमीटरमध्ये थांबे किती? चोवीस! दर किलोमीटरला एक, प्रत्येकी पंधरा मिनिटांचा. मी मनातल्या मनात बेरीज केली. सहा तास. एवढ्या वेळात माझ्या पाच पँटी शिवून होतात.

मी लेकीला फोन लावला. ती औषधांच्या दुकानात काम करते, त्यामुळे आमच्या घरची अर्धी डॉक्टर तीच. तिने सगळं ऐकून घेतलं आणि आवाज खाली आणून म्हणाली, "आई, ह्या वयात पुरुषांना होतं गं असं. सारखं जावं लागतं. बाबा लाजत असतील. तू काही विचारू नकोस, नुसतं लक्ष ठेव."

झालं. आठवडाभर मी डोळ्यांत तेल घालून ह्यांच्या फेऱ्या मोजल्या. फेऱ्या आपल्या साध्याच निघाल्या, पण शंका एकदा शिरली की निघते थोडीच? मी चहाचा कप अर्धाच भरायला लागले. रात्री पाण्याचा तांब्या उशाशी ठेवायची सवय होती, तो उचलून ठेवला. चौथ्या दिवशी हे म्हणाले, "दूध महाग झालंय का?" मला त्यांची इतकी दया आली की मी बिस्किटं दोन जास्त दिली.

रविवारी लेक आली. वडिलांच्या शेजारी बसून तिने त्यांचा हात हातात घेतला आणि म्हणाली, "बाबा, त्रास होत असेल तर सांगा हं. ह्यात लाजण्यासारखं काही नसतं. गोळ्या मिळतात."

"कसल्या गोळ्या?"

"तेच, सारखं थांबावं लागतं त्याच्यावर."

हे कानापर्यंत लाल झाले. माझ्याकडे बघायला लागले, मग लेकीकडे, मग पुन्हा माझ्याकडे. मी तो कागद आणून त्यांच्यापुढे ठेवला. म्हटलं, "ताकाला जाऊन भांडं कशाला लपवता? चोवीस वेळा कशासाठी थांबायचंय ते सांगा सरळ."

बराच वेळ हे नखांतला रंग काढत बसले. नखांत रंग नव्हता. मग बोलले.

एकतीस वर्षांपूर्वी तो सगळा रस्ता ह्यांनीच रंगवला होता. दगड गाडलेले होते, आकडे घालायचे होते. दिवसभर उन्हात वाकून काम चालू होतं. सत्तेचाळीस लिहून झाला, जेवायची सुट्टी झाली, आणि जेवून उठल्यावर पुढच्या दगडावर ह्यांनी पुन्हा सत्तेचाळीसच लिहिला. मग अठ्ठेचाळीस, एकोणपन्नास, पुढे सगळं बिनचूक, फक्त एकेक आकडा मागे. गावाच्या वेशीवरच्या दगडाशी पोचले तेव्हा खात्याच्या यादीत एकाहत्तर होता आणि ह्यांच्या ब्रशखाली सत्तर. मुकादम म्हणाला, "कोण मोजतंय? चल घरी." नंतर ह्यांनी तो रस्ता कितीदा मागितला, पण दर वेळी दुसऱ्याच कुणाला मिळाला, आणि ती माणसं जुन्याच आकड्यांवर ब्रश फिरवून आली.

"पिशवीत पांढरा आणि काळा रंग आहे," हे म्हणाले. "एकदा तेवढं नीट करून टाकायचंय."

लेक हसत सुटली. मला मात्र हसू आलं नाही. माझ्या डोक्यात दुसराच हिशेब चालू होता. "म्हणजे एका आकड्यापायी तुम्ही मला एकतीस वर्षं ते गाव दाखवलं नाहीत?"

"तू कापड मोजणारी बाई," ते खाली बघत म्हणाले. "सत्तेचाळीसनंतर पुन्हा सत्तेचाळीस दिसला असता, की तू मागून लगेच विचारलं असतंस, हे कुठल्या आंधळ्याने रंगवलंय हो? मग मी काय सांगणार होतो?"

मी विचारलं असतं. अगदी ह्याच शब्दांत विचारलं असतं. तेच मला झोंबलं. मी त्या दिवशी ह्यांच्याशी बोलले नाही, आणि माझं न बोलणं म्हणजे घरात मशीन जोरात चालवणं. पण एवढा मोठा माणूस, ज्याच्या हातची रेघ सगळं खातं वाखाणायचं, तो इतकी वर्षं माझ्या जिभेला भ्यायला होता, हे मला खात राहिलं. सकाळी उठून मी खडू घेतला आणि त्यांच्या कागदावर खाडाखोड केली. पंधरा मिनिटं नाही, दहा. मी दगड पुसणार, ते रंगवणार. चार तासांत काम संपवायचं आणि उजेड आहे तोवर तळं बघायचं. चहाचा कप पूर्ण भरून शेजारी ठेवला.

दुसऱ्या दिवशी पहाटे निघालो. पिवळ्या शेतांमधून रस्ता नुसता लोळत गेल्यासारखा जात होता. दगडी पुलावर चहा प्यायलो, खाली पाणी इतकं स्वच्छ की माशांच्या सावल्या दिसत होत्या. मी बडबडत होते. चाळीसच्या दगडापासून ह्यांनी गाडीचा वेग कमी केला. सत्तेचाळीस आला. पुढचा दगड आला आणि तिथेही सत्तेचाळीस. आकडा उन्हापावसाने पुसट झाला होता. ह्यांनी गाडी लावली, हेल्मेट काढलं, डब्याचं झाकण उचकटलं आणि गुडघे टेकून बसले. मी फडका ओला केला.

समोर चहाची टपरी होती. तिथून एक जाडजूड टपरीवाला हातात किटली घेऊनच धावत आला. "ओ काका! काय चाललंय?"

"आकडा चुकलाय," हे म्हणाले. "इथं अठ्ठेचाळीस पाहिजे."

"अठ्ठेचाळीस? अहो, हा दुसरा सत्तेचाळीस आहे!" तो असा ओरडला की जणू आम्ही त्याचं छप्परच काढायला आलो होतो. "बसचा कंडक्टर तेच ओरडतो, पहिला सत्तेचाळीस, दुसरा सत्तेचाळीस. माझ्या दुकानाची पाटी बघा. पोस्टमन ह्याच पत्त्यावर येतो. पुढच्या महिन्यात पोरीचं लग्न आहे, पत्रिकेवर हेच छापलंय. तुम्ही अठ्ठेचाळीस केलात तर पाहुणे पुढच्या दगडावर उतरतील, आणि तिथं नुसतं म्हशींचं डबकं आहे!"

हे ब्रश हातात धरून तसेच बसले होते. खरं तर काम तिथेच मिटलं होतं. "बरं बाबा, राहू दे" म्हणून उठले असते तर कुणाला काही कळलं नसतं. मीही तेच म्हणायला तोंड उघडलं होतं. पण हे उठून उभे राहिले, गुडघ्यांची माती झटकली आणि म्हणाले, "हा मीच रंगवला होता. एकतीस वर्षांपूर्वी. चुकून दोनदा लिहिला. चूक माझी."

टपरीवाल्याने मागे वळून हाळी दिली, "अगं, बाहेर ये लवकर! आपल्याला पत्ता देणारे आलेत!"

त्याची बायको पदराला हात पुसत आली. तिने दगडाकडे बघितलं, ह्यांच्याकडे बघितलं आणि कमरेवर हात ठेवून म्हणाली, "मग एवढा पुसट का होऊ दिलात? चार महिने झाले, नवीन माणसाला वाचता येत नाही. रंग आणलाच आहे तर द्या ना ठळक करून."

हे पुन्हा गुडघ्यांवर बसले. मी दगड पुसला, पांढऱ्या रंगाचा हात दिला आणि तो वाळेपर्यंत दोघांनी चहा प्यायला. मग ह्यांनी काळ्या रंगात चार काढला, सात काढला. काढून झाल्यावर मान तिरकी करून त्यांनी मला विचारलं, "बघ गं, सरळ आलाय ना?" मी म्हटलं, "एकदम सरळ." डोळे भरून आले होते, ते मी त्याच ओल्या फडक्याने पुसले आणि गालाला रंग लागला.

बाकीच्या तेवीस दगडांना आता हात लावायचं कारण नव्हतं. सगळा दिवस आमचा होता. पण आम्ही निघणार एवढ्यात बस आली, कंडक्टर चहाला उतरला, आणि ह्यांनी आपणहून त्याला हाक मारली, "अहो, हा दगड दिसतोय ना? हा मी रंगवलाय. चुकून!" आणि पहिल्यापासून सगळी हकीकत सांगायला बसले. बसमधली माणसंही उतरून ऐकायला लागली. मी गाडीपाशी हेल्मेट घालून उभी होते आणि ओरडत होते, "अहो, चला आता! तळं आटून जाईल!"