झाका म्हणाले, दाखवा म्हणाले

"मावशी, वाढताना हातमोजे घाला. पाहुण्यांना कसंतरी होतं."

बाईंनी हातमोजे ओट्यावर टाकले. माझ्या हातांवर कोड आहे. ओठाच्या कडेलाही. बाईंच्या अलिबागच्या बंगल्यात मी स्वयंपाक करते. माझ्या हातची भाकरी त्या रोज खातात. पण त्या दिवशी मुंबईची माणसं आली होती. तत्त्वज्ञानाचं शिबिर. विषय काय, तर स्वतःचा स्वीकार.

मी घातले. वर म्हणाले, "व्हय, बरोबर हाय तुमचं." ते आठवलं की अजून मान खाली जाते.

व्हरांड्यात शिबिराचे सर बोलत होते. मी आत मासे तळत होते. "माणूस दुसऱ्याच्या डोळ्यांनी स्वतःला बघायला लागला की तो स्वतःचा राहत नाही."

माझा हात थांबला. सुरमईची तुकडी करपली. भर उन्हात मी लांब बाह्या घालते. टिकलीसुद्धा चाचपून लावते, आरशात बघत नाही. कोणाच्या डोळ्यांनी जगत होते मी?

दुपारी वाढायला गेले. सरांनी थांबवलं. "मावशी, हातमोजे काढा. दाखवा सगळ्यांना."

काढले. सांगितलं म्हणून काढले.

"बघा, या बाईंनी स्वतःला किती सहज स्वीकारलंय!"

टाळ्या. एकीचे डोळे भरून आले. एकाने फोटो काढला. नाव कोणी विचारलं नाही. मी लादीकडे बघत उभी. जनावरांच्या बाजारात उभं केल्यासारखी.

मग तोंडातून निघालं, "न्हाय स्वीकारलं. मला लाज वाटते. रोज वाटते. बाईंनी सांगितलं झाक, झाकलं. तुमी सांगितलं दाखव, दाखवलं. मला कुनी इचारलं? सकाळी तुमीच बोललाव ना, दुसऱ्याच्या डोळ्यांनी बघू नका? मंग तुमचं डोळं बाजूला घ्या."

बाई पुटपुटल्या, "मावशी, आत जा."

"आधी तो फोटो पुसा."

त्याने पुसला. मगच हलले. काम गेलं.

लाज मात्र गेली नाही. परतताना एसटीत शेजारची लांब सरकून बसली, तेव्हा पुन्हा वर आली. फक्त आता ती आली की मी तिला विचारते, तू माझी, का या लोकांची? बहुतेक वेळा ती माझी नसते.

दिराच्या मुलीची हळद जवळ आलीय. जाऊबाईचा निरोप आलाय, "ताई, तुमी मागं जेवनाचं बघा."

मी मांडवात बसणार. पोरीला हळद लावणार. कोणाला चालत नसेल, तर त्याने उठून जावं.