नाव असलेला डॉक्टर

कॅनडातला आमचा बर्नाबीचा रस्ता चित्रीकरणासाठी अधूनमधून अमेरिका होतो. कोपऱ्यावर त्यांची निळी टपालपेटी येते, खांबाला त्यांचा झेंडा लागतो, गाड्यांच्या नंबरपाट्या बदलतात, आणि मग मी तिथे टॅक्सी चालवतो. नाहीतर दुकानाच्या गल्ल्यावर बसतो. बहुतेक वेळा मात्र डॉक्टर असतो. "आम्ही शक्य ते सगळं केलं," हे वाक्य मी इंग्रजीत इतक्यांदा म्हटलंय की खऱ्या डॉक्टरानंही म्हटलं नसेल. पुण्यात मी नाटकांतून मोठ्या भूमिका केल्या, हे इथे कुणाला सांगणार? पण माझी चिडचिड त्यावरून नाही. मालिकेच्या शेवटी पडद्यावर जी नावं सरकतात, त्यात माझ्या पात्राला नावच नसतं. डॉक्टर क्रमांक दोन. टॅक्सीवाला.

साताऱ्याला माझे वडील असतात, निवृत्त शिक्षक. माझी प्रत्येक मालिका ते पुतण्याकडून मोबाईलवर लावून घेतात आणि फोनवर एकच विचारतात, "पात्राचं नाव काय तुझ्या?"

"नाव नाहीये, अण्णा."

"माणूस आहे म्हणजे नाव असणारच," ते म्हणायचे. जणू मीच विचारायला विसरलो होतो.

मागच्या वर्षी नाव असलेला डॉक्टर मिळाला. ऑडिशनचा व्हिडिओ घरीच, बेसमेंटमध्ये केला होता. नायिकेची वाक्यं बायकोनं मोबाईलमागे उभं राहून, ग्रोसरीची यादी वाचावी तशी वाचली, तरी निवड झाली. शेवटच्या प्रसंगात नायिका माझे आभार मानताना मला नावानं हाक मारणार होती. फक्त ते नाव भलतंच होतं. अर्धं गुजराती, अर्धं बंगाली. असा माणूस पृथ्वीवर कुठे सापडायचा नाही.

"अहो, आधी कॉन्ट्रॅक्ट साइन होऊ दे," बायको म्हणाली. "आणि नंतरही करेक्शन्स काढू नका. प्लीज."

सही होईपर्यंत मी गप्प बसलो. पण शिक्षकाच्या घरात वाढलेल्या माणसाला चूक दिसली की चैन पडत नाही. कपड्यांचं माप द्यायला गेलो तिथे मालिकेचा तरुण लेखक भेटला आणि मी त्याला सगळं समजावून सांगितलं. त्यानं मनापासून ऐकलं. मग विचारलं, "बरोबर नाव कोणतं होईल?"

मी वडिलांचं नाव सांगितलं. आडनावासकट. त्यानं ते मोबाईलमध्ये टिपून घेतलं.

घरी आल्याबरोबर साताऱ्याला फोन लावला. वडिलांनी आधी मालिकेचं नाव दोनदा विचारून घेतलं. मग म्हणाले, "उच्चार नीट करतील ना?" दुसऱ्या दिवशी बागेतल्या बाकावरच्या सगळ्या म्हाताऱ्यांना बातमी कळली होती.

चित्रीकरणाच्या सकाळी गुलाबी पानं हातात आली. संहितेत बदल झाला की ती पानं रंगीत कागदावर येतात. मी नायिकेचं वाक्य शोधलं. "थँक यू, डॉक्टर." एवढंच.

दिग्दर्शकाच्या सहायिकेनं गोड शब्दांत खुलासा केला. प्रत्येक नाव वकिलांकडून आधी मंजूर करून घ्यावं लागतं. नव्या नावाला वेळ नव्हता. आणि जुन्या नावाचा मला त्रास झाला म्हणून तेही काढून टाकलं. मी म्हणालो, जुनं चालेल, कसलंही चालेल. ती म्हणाली, "इट्स ओके, रिअली." हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. त्यांनी मला सांभाळून घेतलं होतं, म्हणून भांडायचीही सोय उरली नव्हती. मी दात आवळून कॅमेऱ्यासमोर उभा राहिलो आणि शक्य ते सगळं केल्याचं सांगितलं.

वडिलांना मी कळवलं नाही. आज सांगू, उद्या सांगू करता करता तो भाग लागून गेला, आणि त्यांचाच फोन आला.

"पाहिला. काम छान केलंस," ते म्हणाले. "ती बाई शेवटी नाव घेते ना, ते तेवढं ऐकू आलं नाही. पुन्हा पुन्हा लावून पाहिलं. माझे कानच गेलेत आता. कानाचं मशीन बदलून घेतो."

मी म्हणालो, "घ्या, अण्णा. बदलून घ्या."