बोकड नसलेला सिनेमा

काहीही न घडण्याची इतक्या मनापासून वाट पाहणारा माणूस माझ्या धाकट्या मामांखेरीज सगळ्या बुलडाणा जिल्ह्यात सापडायचा नाही. मेहकरजवळच्या एका खेड्यात ते राहतात. पोटासाठी लग्नांचं शूटिंग करतात आणि जिवासाठी सिनेमे. त्या सिनेमांत गोष्ट नसते, गाणं नसतं, बहुधा माणूसही नसतो. वाळत घातलेलं लुगडं, रवंथ करणारी म्हैस, पाऊस थांबल्यावर टिनावरून गळणारं पाणी. कॅमेरा स्टँडवर बसला की मामाही शेजारी उकिडवे बसतात आणि कोणी शिंकलं तरी त्याने घरावर दगड मारल्यासारखं पाहतात. म्हैस विकत घ्यायला आलेल्या गिऱ्हाइकाला त्यांनी एकदा "ती रवंथ करून राह्यली ना, दम धरा," म्हणून गोठ्याबाहेर बसवून ठेवलं. गिऱ्हाईक दुसऱ्या गावची म्हैस घेऊन गेलं.

लग्नातही तेच. बीबी गावातल्या एका लग्नात नवरा-नवरी हार घालत होते आणि मामांचा कॅमेरा वाऱ्याने फुगणाऱ्या कनातीवर. मुलीच्या बापाने विचारलं, "माही पोरगी कुठं आहे याच्यात?" मामा शांतपणे म्हणाले, "कनातीमागं आहे. वारा आला का दिसते."

आमच्या खानदानात पदवी घेतलेला पहिला माणूस मी. हे मी सांगतोच. लपवण्यासारखं त्यात काही नाही. मामांनी त्याचा अर्थ असा लावला की त्यांचे सिनेमे मला समजलेच पाहिजेत. "तू बी.ए. झाला न बे? सांग यायले, काय आहे याच्यात." बी.ए.ला मला इतिहास होता. मी म्हणायचो, "मामा, म्हैस आहे." "पाहा!" मामा मामीकडे वळत, "शिकेल माणसाले लगेच समजते!"

लग्नाच्या ऑर्डरी दुसऱ्यांकडे जाऊ लागल्या तेव्हा मामीचा धीर सुटला. "गावाले दाखवा तुमचा सिनेमा. घरचे सोडून एक माणूस जरी शेवटलोक बसला, तं करा काय करायचं ते. नाही तं कॅमेरा फक्त लग्नाले निंघन." मामांचा चेहरा उतरला, कारण त्यांचा सिनेमा आजवर कोणीच शेवटपर्यंत पाहिला नव्हता.

गावातल्या बुद्धविहाराच्या पांढऱ्या भिंतीवर संध्याकाळी सिनेमा लागला. मामांच्या घरासमोरचा कडुलिंब, त्याखाली बाजेवर एक म्हातारी, बाजेशी एक कुत्रं, आणि दुपार. थोड्याच वेळात पोरं जांभया देऊ लागली, बाया पदर झटकून उठू लागल्या. मामा खाली मान घालून बसले. तेवढ्यात मामांच्या घराशेजारी राहणारा एकजण ओरडला, "थांबा बे! हे कोणत्या दिवसाचं होय?"

"मागच्या बाजाराच्या दिवसाचं," मामा म्हणाले.

"माहा बोकड त्याच दुपारी चोरीले गेला! इथूनच नेला असंन!"

झालं. उठलेली माणसं खाली बसली. असे प्रेक्षक मोठ्या शहरातही मिळायचे नाहीत. भिंतीवर पान हललं तरी माना वळत.

"फांदी काऊन हालली?"

"वारा होय तो."

"सावली पाह्य, विहिरीलोक गेली."

"चूप रे, बोकड येईन!"

बोकड आला नाही. ऊन उतरलं, सिनेमा संपला, एकही माणूस हलला नव्हता. बोकडवाला म्हणाला, "भाऊ, उद्या अजून लावसान का? माही नजर चुकली असंन."

मी आनंदाने म्हटलं, "मामा, जिंकले तुम्ही!"

"ते बोकड पाह्यत होते बे." मामांनी कॅमेरा पिशवीत घातला आणि पिशवी मामीपुढे ठेवली. "लग्नालेच निंघन आता."

मामी म्हणाल्या, "मी कुठं बोकड पाह्यत होती? बुढी सावलीसंगं बाज सरकवे, अन् दर खेपी कुत्र्यापुरती सावली सोडे. तुम्हाले दिसलं होतं का?"

"नाही," मामा म्हणाले. मग हळूच, "पण घरचे धरायचे नोहते ना?"

"अट माही होती. कोणाले धरायचं ते मी पाहीन."

मामांनी पिशवी उचलली ती छातीशी धरून.

आता दुपारी स्टँडशेजारी दोघंही बसलेली असतात. मी नोकरीच्या गावी खिडकीशी बसतो. समोरच्या भिंतीवर ऊन सरकत असतं; मी ठरवून पाहू लागतो आणि दोन मिनिटांत हात मोबाईलकडे जातो. कॉलेजात मला पुष्कळ शिकवलं. एवढं मात्र शिकायला गावाकडेच जावं लागेल, आणि सुट्टी काही मिळत नाही.