पोरं पळवणाऱ्या नटाच्या हातात माझं बाळ

त्या माणसाला मी ओळखलं ते पोरं पळवणारा म्हणून. नाव माहीत नाय. त्याचं नाव कुणालाच माहीत नसतं, पोस्टरवर तो नसतोच, पण टीव्हीवर चेहरा दिसला की घरातलं एकेक जण बोलतं, अरे हा तो, तो डॉक्टर, तो वकील, तो मुलीचा बाप. मी त्याला बघितलेला हिंदी पिक्चरमध्ये. हॉस्पिटलातनं बाळ उचलतो, पिशवीत घालतो, आणि जाता जाता नर्सला हसून नमस्कार करतो. त्या हसण्याला मी शाळेत होते तेव्हापासून घाबरते.

आणि तोच माणूस आमच्या मिठागराच्या बांधावर उभा, लुंगी नेसलेला, डोक्याला गमछा, आणि सगळे मला सांगत होते की तुझं बाळ त्याच्याकडे दे.

झालं असं की वडखळच्या पुढे खाडीकडे आमचं गाव, तिथं बंगाली पिक्चरचं शूटिंग आलेलं. आमची खाडी म्हणे अगदी त्यांच्या गावाकडच्यासारखी दिसते. पिक्चरची गोष्ट एवढीच, की म्हाताऱ्या नावाड्याला काठावर टाकलेलं बाळ सापडतं आणि तो त्याला होडीतनं घरी नेतो. म्हातारा झालेला हाच नट, सकाळी मी त्याला बांधावर बघितलेला. बाळ मुंबईवरनं आणलेलं, पण वडखळच्या ट्रॅफिकमध्ये उलट्या करून करून ते मलूल झालं, त्याला परत पाठवलं. मग शूटिंगमधली एक मुलगी, आपलीच मराठी, घराघरात विचारत आली, तीन-चार महिन्यांचं बाळ कुणाचं हाय का. मी तोंड उघडायच्या आत सासू बोलली, "आमचं हाय."

मी सासूला आत ओढलं. "आये, मी त्याला पोर पळवताना बघितलाय."

"आनि मी त्याला पोरीच्या पाठवनीला रडताना बघितलाय. त्याच्यासंगती मी पन रडलेली."

"पन पळवलं ना त्याने."

"तुझा सासरा मंडलाच्या नाटकात राजा झालेला गो. घरात कोनी राज्य बघितलं का?"

नवऱ्याला फोन लावला. तो धाटावला कंपनीत, पहिली शिफ्ट, फोन गेटवर जमा करून आत जातात. वाजून वाजून बंद झाला. म्हणजे ठरवायचं ते मलाच. आणि खरं सांगायचं तर भीती होती तेवढीच हौस पण होती. रोह्याला माहेरी आठवीपर्यंत शिकले, पुढे लग्न, मला कधी कुणी काय मागायला आलं नव्हतं. बाळाला पावडर लावली, गालाला काळा टिळा लावला, आणि गेले.

तर तो म्हातारा दोन्ही हात पुढे करून आला आणि बोलला, "एशो खोका, एशो."

मी थांबले. त्याने मागे वळून डायरेक्टरला त्याच्या भाषेत काहीतरी लांबलचक सांगितलं, त्यातले दोनच शब्द मला कळले, खोका आणि नौका. होडीत बघते तर खरंच मासळीचा थर्माकोलचा पांढरा खोका ठेवलेला, झाकण उघडं. मला दुसरं काय सुचणार. पिशवीत घालून नेणारा माणूस, आता खोक्यात घालणार आणि होडीतनं नेणार.

मी पळाले. चपला तिथंच. मिठागराचा बांध हातभर रुंद, दोन्हीकडे खारं पाणी, एरवी मी त्याच्यावरनं जपून चालते, पण त्या दिवशी बाळाला छातीशी दाबून अशी पळाले की मागनं सासू ओरडते हाय, पडशील गो, पोराला घेऊन पडशील, आणि मी ओरडते हाय की त्याला खोक्यात घालतायत. मीठ ठेवायच्या झोपडीपाशी दम गेला तेव्हा बसले.

ती मराठी मुलगी धापा टाकत आली. "ताई, खोका म्हणजे त्यांच्यात बाळ. लहान मुलगा. लाडाने म्हणतात."

"नुसतं बाळ?"

"नुसतं बाळ."

तिच्या मागनं तो पण आला, हळूहळू, बांधावर तोल सांभाळत. मुलीने त्याला सगळं सांगितलं. मला वाटलं आता हसणार, तेच हसू. पण तो मीठ सांडलेल्या जागी खालीच बसला, माझ्यापासून चांगला लांब.

हिंदीत बोलला, "हिंदीवालों ने मुझसे बच्चे चोरी करवाए. बांग्लावालों ने वही बच्चे मुझे पालने को दिए. तुमने कौन-सा देखा है?"

"चोरीवाला," मी बोलले.

"वही सब देखते हैं."

मग आपणच सांगत बसला. आधी नाटकात म्हातारा व्हायचा, तेव्हा वय विशीचं. मुंबईला आला तर तोंडात बंगाली बोली म्हणून त्याला नुसतं मिठाई खाणारा गमतीचा काका करायचे. मग डॉक्टर, मग जज, मग चोर. एका महिन्यात इकडे खून करायचा आणि तिकडे कोलकात्याला पोराचं बारसं करायचं. मागनं येऊन बसलेली सासू तर एवढी खूश झाली की त्याला मध्येच विचारते, त्या पाठवणीला खरे रडलात का. तो बोलला, खरंच, त्या दिवशी दाढ दुखत होती.

मी हसले. पण बाळ दिलं नाय, कारण मी त्याचे हात बघितले. उजवा हात थरथरत होता. त्याने पण बघितलं की मी बघितलं.

"दो साल से है," तो हळू बोलला. "इसलिए मुझे भी डर लगता है. गिर न जाए."

तेव्हा मला कळलं की घाबरलेले आम्ही दोघं हाय.

सासू उठली. झोपडीतलं मीठ लुगड्याच्या धडप्यात ओतलं, गाठ मारली, हातावर तोलली. जन्म मिठात गेला तिचा, वजन तिला बघून कळतं. "हे घ्या, बालाएवढं हाय. शिका."

एवढा मोठा नट, पण तो ते गाठोडं घेऊन बांधावर येरझारा घालायला लागला. मी सांगत होते, मान वर, कोपर आत, पाय आधी रोवा मग वळा. चुकला की परत सुरुवात. थरथर काय थांबेना. मग मी त्याच्या गळ्यात गमछ्याची झोळी बांधली, मिठागरावर बायका काम करताना पोर बांधतात तशी, म्हणजे भार खांद्यावर आणि हात फक्त वरनं. मिठाचं गाठोडं त्यात घालून तो काठाशी परत आला, होडीत चढला, उतरला, परत चढला. तिकडे डायरेक्टर घड्याळ बघत होता, त्याला याने होडीतनंच हात दाखवून गप्प केलं.

मग मी गाठोडं काढलं आणि बाळ ठेवलं. माझे हात सुटेनात. सासूने एकेक बोट सोडवलं.

मला होडीच्या पलीकडे चिखलात बसवलं, कॅमेऱ्यात दिसणार नाय अशी, एक उडी मारली तर पोचेन एवढ्या जवळ. मी उडी मारायच्या तयारीतच होते. तो काठावर आला, झोळीत बघितलं, आणि त्याचा चेहरा बदलला. कसा ते मला सांगता येत नाय. काय केलं नाय त्याने, डोळे पण पुसले नाय. ज्याला कधी कुणी काय दिलं नाय असा एक म्हातारा माणूस तिथं होता आणि त्याच्याकडे आता काहीतरी होतं. बाळाने त्याचं बोट धरलं. ते कुणी शिकवलेलं नव्हतं, आणि तो पण तिथंच थांबला, बोट न सोडवता, तसाच एका हाताने होडीला टेकून आत चढला. भाषा मला कळत नव्हती, तरी पुढे काय होणार म्हणून मी श्वास धरून बसले.

कट म्हणाले. लोक हलायला लागले, कुणी टाळ्या वाजवल्या. मी तशीच बसलेली, तो म्हातारा त्याला घरी घेऊन गेल्यावर काय खायला घालेल या विचारात.

"गो," सासू बोलली, "पोर घेतेस का त्यांच्याकडेच ठेवतेस?"