पिल्लं म्हणे!

चित्रलेखा बर्वेला बेडूक आवडत नसत, आणि बेडकांसाठी जीव टाकणारी माणसं तर मुळीच नाहीत. तरी क्लेटनमधल्या एका ऑस्ट्रेलियन युनिव्हर्सिटीच्या बेडूक-संग्रहात ती चार वर्षं कॅज्युअल, म्हणजे तासांच्या पगारावर, होती. पुण्याची एमएस्सी, इथली मास्टर्स, हातात कायम राहायचा पीआर. आणि काम काय, तर मेलेल्या बेडकांच्या बाटल्यांतलं उडालेलं अल्कोहोल पुन्हा भरायचं. ‘लोणच्याला तेल घालते,’ असं ती आईला फोनवर सांगे.

लॉकडाऊन लागला तसे सगळे विद्वान घरी बसले. बाटल्यांना घरी नेता येईना, म्हणून कामावर यायचं परमिट एकट्या चित्रलेखाला. संग्रहाचा प्रमुख डॉ. ग्रेग दर सोमवारी झूमवर उगवे, मागे पुस्तकांचं कपाट नीट दिसेल असा बसे आणि म्हणे, ‘यू आर अ लेजंड, मेट!’ या लेजंडला पर्मनंट करायचा विषय निघाला की त्याचं नेट जाई.

एकवीसच्या ऑगस्टमध्ये तिला तळाच्या फळीवर एक बाटली जवळजवळ कोरडी सापडली. आत अकरा बेडूक, एकेक करंगळीच्या नखाएवढा. न्यू गिनीजवळच्या एका बेटावर, जंगलातल्या पाचोळ्यात पकडलेले. तीस वर्षांपूर्वीचं लेबल, अक्षर ग्रेगचं: ‘पिल्लं. जात नक्की नाही.’

एक बेडूक काचेला चिकटला होता. तिने चिमट्याने अलगद सोडवला, तर पोटाच्या पातळ कातडीतून साबुदाण्यासारखे तीन दाणे दिसले. तिने तो मायक्रोस्कोपखाली धरला आणि मोठ्याने हसली. मग ग्रेगला फोन लावला.

‘तुझ्या पिल्लाच्या पोटात अंडी आहेत.’

‘मुंग्या खाल्ल्या असतील गं. नो वरीज, तू फक्त अल्कोहोल भर.’

‘तीन मुंग्या? गोल? एकसारख्या?’

तिने व्हिडिओ चालू करून फोन मायक्रोस्कोपला लावला. ग्रेग स्क्रीनला नाक लावून बघत राहिला. मग घसा खाकरून म्हणाला, ‘म्हणजे ही पूर्ण वाढलेली मादी आहे. मला तेव्हाच शंका आली होती.’

‘मग लेबलवर का नाही लिहिलंस?’

‘खरं सांगू? इतकी लहान होती की नीट बघावंसंच वाटलं नाही.’

चार वर्षांत हा माणूस पहिल्यांदा खरं बोलला, असं तिला वाटलं. तिने शाई काढली, ‘पिल्लं’वर रेघ मारली आणि खाली ‘प्रौढ’ लिहिलं. ग्रेगला विचारलं नाही.

डिसेंबरमध्ये युनीने सगळे कॅज्युअल काढले. चित्रलेखा एका पॅथॉलॉजी लॅबमध्ये कोव्हिडचे स्वॅब तपासायला लागली. ग्रेगने उरलेले बेडूक तपासले. जात नवी निघाली. त्याने मेल केली: बेडकाला तुझं नाव देऊ का?

तिची फ्लॅटमेट मिताली किंचाळली, ‘अगं, हो म्हण ना! अमर होशील.’

‘नखाएवढी अमर?’ चित्रलेखा म्हणाली. ‘त्या बेडकाने जिवंतपणी क्लेटन पाहिलंय का? बेटाचं नाव द्या म्हणावं.’

ग्रेगने ऐकलं, आणि शोधनिबंधाच्या लेखकांत तिचं नाव दुसरं घातलं. पेपर आला त्या दिवशी ती शिफ्टला होती. ब्रेकमध्ये तिने तो पहिल्यापासून शेवटपर्यंत दोनदा वाचला, ग्रेगच्या इंग्रजीतल्या तीन चुका काढल्या आणि त्याला लगेच कळवल्या.